धाराशिवच्या बायकांवर सिद्ध झालेली तपासणी धाराशिवच्या बायकांना कधी मिळणार? आरोग्यमंत्र्यांना खुलं पत्र

प्रति,
माननीय आरोग्यमंत्री, महाराष्ट्र राज्य
आणि सार्वजनिक आरोग्य विभागात निर्णय घेणारे सर्व अधिकारी

सविनय नमस्कार.

मी धाराशिव जिल्ह्यातली एक आशा आहे. गावाचं नाव लिहीत नाही कारण माझी तक्रार माझ्या उपकेंद्राबद्दल नाही, तिथल्या सिस्टर आणि सीएचओ (समुदाय आरोग्य अधिकारी) मॅडम आहे त्यात राबतात आणि या पत्रामुळं त्यांना कुणी बोलावं असं मला वाटत नाही. परवा मीटिंगमध्ये आम्हाला सांगण्यात आलं की तीस वर्षांवरच्या सगळ्यांना आजाराची लक्षणं विचारून भरायचे फॉर्म या महिन्यात शंभर टक्के पूर्ण पाहिजेत, ऑनलाईन एंट्रीसकट. मी उभं राहून विचारलं की फॉर्ममध्ये ज्या बाईचं 'होय' येईल तिला पाठवायचं कुठं, तिची तपासणी कोण करणार, तर उत्तर आलं, ते नंतर बघू, आधी टार्गेट पूर्ण करा. हे नंतर बघू मी नोकरीला लागल्यापासून ऐकतेय आणि आता ऐकवत नाही, म्हणून सगळ्यांसमोर लिहितेय.

विषय गर्भाशयाच्या तोंडाच्या कॅन्सरचा आहे. २०२२ च्या जागतिक आकडेवारीच्या अंदाजात भारतात एका वर्षात सव्वा लाखाच्या वर बायकांना हा कॅन्सर झाला आणि ८० हजारांच्या आसपास बायका गेल्या. आणि हा असा कॅन्सर आहे की जो होण्याआधी दहा-पंधरा वर्षं सापडू शकतो. एचपीव्ही नावाच्या विषाणूमुळं होतो, संबंधातून येतो, बहुतेक बायकांच्या अंगातून आपोआप निघूनही जातो, ज्यांच्या अंगात राहतो त्यांच्यातल्या काहींना आधी पिशवीच्या तोंडावर डाग येतो आणि मग वर्षानुवर्षांनी त्याचा कॅन्सर होतो. डाग असतानाच काढला की विषय संपला. चांगल्या चांगल्या घरातल्या बायकांना होतो, यात कुणाच्या चालीचा काही संबंध नाही, हे मला दर वेळी ओट्यावर बसून समजावावं लागतं म्हणून इथं पण लिहिते.

आता मूळ मुद्दा. साहेब, ही गोष्ट जगाला आमच्या जिल्ह्यानं शिकवलीय. १९९९ च्या ऑक्टोबरमध्ये तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यात बार्शीचं नर्गिस दत्त कॅन्सर हॉस्पिटल, मुंबईचं टाटा कॅन्सर हॉस्पिटल आणि फ्रान्समधली आंतरराष्ट्रीय कॅन्सर संशोधन संस्था यांनी मिळून एक अभ्यास सुरू केला. ३० ते ५९ वयाच्या १ लाख ३१ हजार ७४६ बायका, गावांचे ५२ गट. काही गटांत एचपीव्हीची तपासणी, काहींत पॅप म्हणजे पिशवीच्या तोंडावरच्या पेशी घेऊन सूक्ष्मदर्शकाखाली बघायची तपासणी, काहींत ॲसिटिक ॲसिड लावून डोळ्यांनी बघायची तपासणी म्हणजे व्हीआयए, आणि काही गटांत यातली कुठलीच तपासणी नाही, नेहमी मिळायच्या त्याच सोयी. २००९ च्या एप्रिलमध्ये न्यू इंग्लंड जर्नल या डॉक्टरांच्या नियतकालिकात निकाल छापून आला. एचपीव्हीची फक्त एकदा, आयुष्यात एकदा, तपासणी झालेल्या गटात मृत्यू जवळपास निम्मे. ३४ हजार बायकांत ३४ मृत्यू, आणि तपासणी नसलेल्या ३१ हजारांत ६४. उशिरा सापडलेले कॅन्सर पण निम्म्याहून कमी. जगभरातल्या डॉक्टरांनी हा अभ्यास वाचला, त्याच्या आधारावर देशोदेशी नियम बदलले. जागतिक आरोग्य संघटना आज सांगते की पहिली तपासणी एचपीव्हीचीच करा, पस्तिशीच्या आत एकदा आणि पंचेचाळिशीच्या आत परत एकदा तरी व्हायला पाहिजे आणि २०३० पर्यंत ७० टक्के बायकांची व्हायला पाहिजे.

माझी आई त्या अभ्यासात होती. शाळेत कॅम्प लागला होता, बार्शीची गाडी आली होती आणि गावातल्या बायका लाजत लाजत एकमेकींचा हात धरून गेल्या होत्या. आईला डाग निघाला. बार्शीला नेलं, मशीननं गोठवून तो काढला, संध्याकाळी ती घरी येऊन भाकरी करत होती. आज सत्तरीच्या पुढं आहे, शेळ्या सांभाळते. तिला एचपीव्ही हे नाव माहीत नाही, आपल्या अंगावरून जगाला काय कळलं हेही तिला मी सांगेपर्यंत कुणी सांगितलं नव्हतं.

आणि माझी मोठी जाऊ चव्वेचाळिसाव्या वर्षी गेली. त्याच कॅन्सरनं, त्याच जिल्ह्यात, आईच्या तपासणीनंतर जवळपास वीस वर्षांनी. जे आईला मिळालं ते जाऊबाईंना का मिळालं नाही, याचं उत्तर मला पाहिजे. बाकी सगळं पत्र याच एका प्रश्नाभोवती आहे.

जाऊबाईंना अंगावरून पांढरं जायचं, मग वास येणारं पाणी, मग संबंधानंतर रक्त. जवळच्या खासगी दवाखान्यात दाखवलं. गोळ्या दिल्या, आतून ठेवायच्या गोळ्या दिल्या, परत गोळ्या दिल्या. नंतर सोनोग्राफी करून सांगितलं की पिशवी खराब झालीय, ठेवली तर कॅन्सर होईल, काढून टाका. आतून तपासून तुकडा घेऊन बघितलं नाही, काढलेली पिशवी सुद्धा तपासायला पाठवली नाही. कॅन्सर आधीच होता. मी नंतर कॅन्सर हॉस्पिटलच्या डॉक्टरांकडून ऐकलं की असा कॅन्सर असताना साधी पिशवी काढली तर आजार मागं राहतो आणि पुढचा उपचार अवघड होऊन बसतो. सहा महिन्यांनी पाय सुजला, कंबर धरली आणि मग पुढची सगळी पळापळ. रोजचे रेडिएशनचे शेक, आठवड्याचं केमो, आतून द्यायचे शेक. शेक संपल्यावर पोटाचा त्रास सुरू झाला तो शेवटपर्यंत राहिला, बाहेर जायला घाबरायच्या, कुणाच्या लग्नाला आल्या नाहीत. मला नंतर कळलं की याच त्रासावर टाटामध्ये अभ्यास झालाय, २०२१ मध्ये छापून आलाय, रोज फोटो घेऊन नेमका शेक देणाऱ्या नव्या पद्धतीनं तीन वर्षांत आतड्याचा त्रास ४२ टक्क्यांवरून २१ टक्क्यांवर आला. म्हणजे ज्ञान मुंबईत आहे. आमच्या बाईपर्यंत पोचायची वाट नाही.

आता माझ्या तक्रारी सांगते, जशा आठवतील तशा.

पहिली तक्रार फॉर्मची. हा लक्षणं विचारायचा सीबॅक फॉर्म म्हणजे काय ते तुमच्यातल्या किती जणांनी प्रत्यक्ष भरताना बघितलंय माहीत नाही. मी घरी जाते, सून चुलीपाशी, सासू दारात, दीर मोबाईल बघत बाजेवर. मी विचारायचं, पाळी नसताना रक्त जातं का, पाळी गेल्यावर रक्त जातं का, संबंधानंतर रक्त जातं का, अंगावरून घाण वासाचं पाणी जातं का. सून माझ्याकडं बघते, मग सासूकडं बघते आणि म्हणते, न्हाई ओ ताई, तसलं काही न्हाई. मी 'नाही'वर टिक करते. त्या 'नाही'ची ऑनलाईन एंट्री होते आणि तुमच्या स्क्रीनवर ती बाई हिरवी दिसते. नंतर तीच सून विहिरीवर एकटी गाठून विचारते, ताई, हे किती दिवस चालतं. दुसरं असं की ज्या बाईला रक्त जायला लागलं ती आधीच उशिराची असू शकते. डाग असलेल्या बाईला काहीच होत नसतं. मग लक्षणं विचारणारा फॉर्म डाग कसा शोधणार? फॉर्म हवा तर ठेवा, पण फॉर्म म्हणजे तपासणी नव्हे आणि तुमच्या अहवालात ही दोन्ही एकच धरली जातात की काय अशी मला भीती वाटते. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीत देशातल्या ३० ते ४९ वयाच्या शंभर बायकांत जेमतेम दोघींनी या कॅन्सरची तपासणी कधीतरी करून घेतल्याचं आलंय. शंभरात दोन. आमचे फॉर्म मात्र शंभरात शंभर.

दुसरी, व्हीआयएची. कार्यक्रमात व्हीआयए आहे, कागदावर दर पाच वर्षांनी आहे. ही तपासणी वाईट नाही हे मी आधीच सांगते. मुंबईच्या वस्त्यांमध्ये टाटाच्या डॉ. सुरेंद्र शास्त्री यांच्या टीमनं दीड लाख बायकांचा अभ्यास केला, त्यातल्या निम्म्या बायकांची हीच तपासणी साध्या शिकवून तयार केलेल्या बायकांकडून दर दोन वर्षांनी करून घेतली आणि त्यांच्यात या कॅन्सरचे मृत्यू ३१ टक्क्यांनी कमी झाले. पण तिथं ट्रेनिंग होतं, परत परत बघणं होतं, कुणीतरी चुका तपासत होतं. आमच्या जिल्ह्यातल्या अभ्यासात एकदाच केलेल्या व्हीआयएनं मृत्यूंत म्हणावा असा फरक पडला नव्हता, एचपीव्हीनं पडला. मग आमच्याकडं जिथं सिस्टरचं ट्रेनिंग एकदाच कधीतरी झालंय, टेबलाला पडदा नाही, लाईट गेली की मोबाईलच्या टॉर्चवर बघायचं, बाटलीवरची तारीख पुसून गेलीय, तिथं त्या तपासणीवर किती भरवसा ठेवायचा? आणि त्याच सिस्टरला लसीकरण, बाळंतपण, रिपोर्टिंग सगळं आहे. तिला दोष देऊ नका.

तिसरी तक्रार मला सगळ्यात जास्त लागते ती पिशवी काढण्याची. शेजारच्या बीड जिल्ह्यात २०१९ मध्ये सरकारी समितीनं ऊसतोड बायकांचा सर्व्हे केला, ८२ हजार ३०९ बायकांपैकी १३ हजार ८६१ जणींची पिशवी काढलेली निघाली. खूप गाजलं. त्यावर बोलताना सगळे मुकादम, उचल, पाळीत खाडा पडला तर होणारा दंड यावर बोलले आणि ते खरंच आहे. पण माझ्याकडच्या कोयत्यावर जाणाऱ्या बायकांना मी विचारलंय, तुम्ही का काढली. जवळजवळ प्रत्येकीनं आधी हेच सांगितलं की डॉक्टर म्हणले कॅन्सर होईल. कॅन्सर होईल की नाही हे सांगणारी तपासणी तिला कुणी दिली असती आणि रिपोर्टचा कागद हातात ठेवला असता की बाई, तुला काही नाही, तर ती पंचविशी-तिशीत टेबलावर कशाला झोपली असती? तपासणी नाही म्हणून भीतीचा धंदा चालतो. आणि पिशवीबरोबर अंडाशय पण काढले की त्याच महिन्यापासून अंगातलं हार्मोन संपतं. तिशीतल्या बाईला अंगातून वाफा निघतात, झोप नाही, हाडं ठिसूळ व्हायला लागतात, हृदयाचा धोका वाढतो आणि तिनं तरी मोळी डोक्यावर घेऊन ट्रकवर चढायचं. त्या बायकांच्या हाडांचं, कॅल्शियमचं, हार्मोनच्या गोळ्या कुणाला द्यायच्या कुणाला नाही याचं पुढं कोण बघतंय? माझ्याकडं अशा बायका आहेत आणि त्यांच्यासाठी माझ्या रजिस्टरमध्ये रकानाच नाही.

चौथी लसीची. मुलींना लस द्यायलाच पाहिजे, त्यात दुमत नको. तिथंही बार्शी आणि पुण्याच्या मुली आहेत बरं का. २००९ मध्ये दोन डोस की तीन डोस हे बघायला देशात अभ्यास सुरू झाला, २०१० मध्ये आंध्र आणि गुजरातमधल्या दुसऱ्या एका लस प्रकल्पावरून वाद झाला आणि सरकारनं सगळंच थांबवलं, त्यामुळं हजारो मुलींना एकच डोस मिळाला. त्यांच्यावर वर्षानुवर्षं लक्ष ठेवल्यावर कळलं की एक डोस पण एचपीव्हीच्या १६ आणि १८ नंबरच्या, कॅन्सर करणाऱ्या प्रकारांच्या टिकून राहणाऱ्या संसर्गाला ९५ टक्क्यांपर्यंत रोखतो. जागतिक आरोग्य संघटनेनं २०२२ मध्ये एका डोसला मान्यता दिली त्यात आपल्या या मुलींचा मोठा वाटा आहे. पुण्याच्या सीरमची सर्व्हाव्हॅक पण आता आहे. सगळं चांगलं आहे. माझं म्हणणं एवढंच की लस चौदा वर्षांच्या मुलीला आहे, तिच्या अडतीस वर्षांच्या आईला नाही. आज लस दिलेल्या मुलींचा फायदा दिसायला वीस वर्षं जातील, तोवर आयांचं काय करायचं ठरवलंय? आमच्याकडं आईच गेली तर लस घेतलेल्या मुलीची शाळा सुटते आणि सतराव्या वर्षी लग्न लागतं, हे मी बघितलंय.

पाचवं थोडक्यात. उपचार योजनेत बसतात, मान्य. पण शेकासाठी पाच-सहा आठवडे रोज जायचं असतं, एसटीचं भाडं, खोलीचं भाडं, नवऱ्याची बुडालेली मजुरी कुठल्या योजनेत बसते? निम्म्यात उपचार सोडणाऱ्या बायका कंटाळून सोडत नाहीत, पैसे संपले म्हणून सोडतात. २०२४ मध्ये लॅन्सेट या डॉक्टरांच्या नियतकालिकात एक अभ्यास आलाय ज्यात भारतातल्याही पेशंट होत्या, शेकाच्या आधी सहा आठवडे जुनंच, स्वस्त केमो दिलं तर पाच वर्षांनी जगणाऱ्यांचं प्रमाण ७२ वरून ८० टक्क्यांवर गेलं. पण त्याचा अर्थ अजून सहा आठवडे ये-जा. ती कोण करणार, कशाच्या जोरावर?

आता मागण्या. एकही मागणी हवेतली नाही.

धाराशिव, सोलापूर आणि बीड या तीन जिल्ह्यांत ३० ते ४९ वयाच्या प्रत्येक बाईला एचपीव्ही तपासणी सरकारी खर्चानं द्या, सुरुवात इथून करा. नमुना बाईला स्वतःला घेऊ द्या. ब्रश तिच्या हातात द्यायचा, ती मोरीत जाऊन दोन मिनिटांत घेऊन येते, ना टेबल ना पडदा ना दुसऱ्यासमोर कपडे काढणं, आणि ही पद्धत जागतिक आरोग्य संघटनेनं मान्य केलेली आहे. ज्या प्रश्नाला सासूसमोर 'नाही' येतं तो प्रश्न विचारायचीच गरज उरत नाही. आशा हे काम करतील, फक्त त्याचा मोबदला फॉर्मच्या मोबदल्यात गुंडाळू नका.

मशीन नाही असं सांगू नका. टीबीसाठी ट्रूनॅटची मशीन राज्यात ठिकठिकाणी आहेत, गोव्यातल्या कंपनीची आहेत, आणि त्याच मशीनवर चालणारी एचपीव्हीची चाचणी २०२५ मध्ये देशातल्या मोठ्या संस्थांमध्ये पारखून झाल्याचं केंद्र सरकारनंच जाहीर केलंय. टीबीचं काम अजिबात न अडवता दिवसातला काही वेळ यासाठी ठेवता येतो का हे लॅबवाल्या मुलांना बसवून विचारा, ते नीट सांगतील.

ज्या बाईचा रिपोर्ट पॉझिटिव्ह येईल तिला तालुक्यातच पुढची तपासणी आणि डाग जाळायचं मशीन मिळालं पाहिजे, हातात मावणारं असतं, शक्यतो त्याच दिवशी. आज बोलवायचं, आठ दिवसांनी परत बोलवायचं, मग सिव्हिलला पाठवायचं, यात निम्म्या बायका गळतात. एचआयव्ही असलेल्या बायकांना हा धोका सहापट आहे, त्यांना एचआयव्हीची औषधं मिळतात त्या एआरटी सेंटरवरच ही तपासणी द्या आणि पंचविशीपासून द्या.

रिपोर्ट निगेटिव्ह आला तरी कागद हातात द्या, मराठीत, मोठ्या अक्षरात. तो कागद बाईला पिशवी वाचवायला उपयोगी पडेल.

तुकडा तपासल्याशिवाय किंवा दुसऱ्या डॉक्टरांचं मत घेतल्याशिवाय कॅन्सरच्या नावाखाली कुणाचीही पिशवी काढायची नाही आणि काढलेली प्रत्येक पिशवी तपासायला गेलीच पाहिजे, हा नियम सगळ्या राज्यात खासगी दवाखान्यांनाही लागू करा आणि मोडणाऱ्यावर कारवाई करा. आणि चाळिशीच्या आत अंडाशय काढलेल्या बायकांची यादी करून त्यांना वर्षातून एकदा तरी नीट तपासा.

कॅन्सर निघालेल्या बाईबरोबर तालुक्याला एक तरी माणूस असा द्या की ज्याचा फोन लागतो. तारीख, योजनेचा कागद, भाडं, दुखण्याची गोळी, सगळं तो बघेल. जाऊबाईंच्या शेवटच्या महिन्यात मॉर्फिनच्या गोळीसाठी आमच्या घरातले दोन जिल्हे फिरले. गोळी जिल्ह्यात मिळाली पाहिजे.

तालुकावार आकडे दर तीन महिन्यांनी जाहीर करा. किती बायकांची खरी तपासणी झाली, कितींना डाग निघाला, कितींचा काढला. फॉर्म किती भरले ते नका सांगू.

आणि एक मागणी माझी वैयक्तिक समजा, पण ती हजारो बायकांची आहे. त्या १ लाख ३१ हजार ७४६ बायकांना कुणीतरी जाऊन सांगा की तुमच्यामुळं काय कळलं. विशेषतः त्या ३१ हजार बायकांना ज्यांच्या गटात तपासणी ठेवलेली नव्हती. त्यांच्यापैकी ज्या आज पासष्टच्या आतल्या आहेत त्यांची तपासणी सगळ्यात आधी करा. अजून बऱ्याच जणी आहेत, गावात विचारलं की बायका लगेच सांगतात, हां, ती बार्शीची गाडी आलती तेव्हा. नोंदी शोधता येतात. बार्शी, परांडा, भूमच्या गावांत कॅन्सरची नोंदणी १९८७ पासून चालू आहे, डॉ. भगवान नेने यांच्यासारख्यांनी खेडोपाडी फिरून हे काम उभं केलंय. जे चाळीस वर्षांपूर्वी बैलगाडीच्या वाटेनं जमलं ते आज डांबरी रस्त्यानं जमायला हरकत नसावी.

मला या पत्राचं लेखी उत्तर हवंय. कोणत्या मागण्या मान्य, कोणत्या नाहीत, नाहीत तर का, आणि मान्य असतील तर कोणत्या महिन्यापासून. पुढच्या अर्थसंकल्पात या तीन जिल्ह्यांच्या तपासणीसाठी वेगळी रक्कम दिसली पाहिजे. ज्या वाचताहेत त्या आशांना, सिस्टरांना, बचत गटाच्या बायकांना माझी विनंती आहे की आपल्या तालुक्यात किती बायकांची खरी तपासणी झाली हे माहितीच्या अधिकारात विचारा, अर्ज कसा लिहायचा ते मी सांगेन. मी या महिन्याचे फॉर्म वेळेत भरून देणार आहे, आणि जिला तपासणीला पाठवायला जागा नाही तिच्या नावापुढं शेऱ्यात तसं स्पष्ट लिहिणार आहे.

आपली,
एक आशा स्वयंसेविका
धाराशिव जिल्हा